मामाला मुशीच चावली होती

मामा गेल्याचा फोन आला तेव्हा मी कात्रपच्या भाजीवाल्याशी कोथिंबिरीच्या जुडीवरून हुज्जत घालत होतो. फोन मामेबहिणीचा, सुरेखाचा होता. "दादा, बाबा गेले," ती म्हणाली. आणि मी, सगळ्या नात्यागोत्यात बोलका म्हणून मिरवणारा माणूस, काय म्हणालो? "कुठं?" म्हणालो. ती म्हणाली, "ये तू." अंबरनाथ पश्चिमेला त्यांच्या घरी पोचलो तेव्हा ती जुडी माझ्या हातातच होती. मामीनं ती काढून घेतली, ओट्यावर ठेवली आणि मला मामाच्या पायाशी बसवलं. चादर गुडघ्यापर्यंत सरकली होती. डाव्या पोटरीवरच्या त्या दोन रेघा मला दिसल्या आणि मी चादर नीट केली... पाच आठवडे झाले या गोष्टीला. त्या रेघांबद्दल एकदा नीट लिहायला हवं, कारण त्यांच्याबद्दल आयुष्यभर चुकीचं बोलण्यात माझा हात कुणी धरू शकला नसता.

मामा म्हणजे माझ्या आईचा धाकटा भाऊ. उल्हास नदी कल्याणच्या पुढं जाऊन जिथं खाडी होते, तिथल्या काठावर आमचं आजोळ. भातशेती होती, आणि घरापुरती मासळी खाडीतून यायची. ती आणायचं काम मामाचं. पाग, म्हणजे हातानं फेकायचं गोल जाळं, त्याच्याइतकं उघडून टाकणारा त्या काठावर दुसरा नव्हता असं आई सांगायची. पण बाविसाव्या वर्षी त्यानं पाग खुंटीला लावला, अंबरनाथच्या एका कारखान्यात लागला आणि पुन्हा पाण्यात उतरला नाही. कारण ही पोटरी. दोन्ही बाजूंनी वाकड्या रेघा, ठिपक्याठिपक्यांच्या, जणू कुणी पोटरी कंसात लिहून ठेवली होती. मामा म्हणायचा, मुशी चावली. मुशी म्हणजे शार्क. बाजारात हातभर लांबीची मिळते, तिचीच थोरली बहीण. आणि आजोबा म्हणायचे, मुशी कसली, पाण्यातला गंजका पत्रा लागला, बाकी सगळी काम टाळायची नाटकं.

आजोबांचं म्हणणं सगळ्यांना पटलं, कारण घटना घडली ती जागा खाडीच्या पार वरच्या अंगाला होती आणि दिवस पावसाळ्याचे. पाणी गोडं झालेलं, पिऊन टाकावं इतकं. गोड्या पाण्यात समुद्रातला मासा कशाला येईल?

इथपर्यंत निदान मतभेद होता. त्याचा तमाशा मी केला. माझ्या थोरल्या बहिणीच्या हळदीला कुणीतरी म्हणालं, काहीतरी सांग रे, आणि मी 'मामा आणि मुशी' सांगितलं. लोक हसले. मग प्रत्येक हळदीला, बारशाला, साखरपुड्याला तीच फर्माईश. गोष्ट वाढत गेली. मुशी आधी माझ्या दंडाएवढी होती, पुढं रिक्षाएवढी झाली. मामाची लुंगी सुटली. मुशीनं त्याला तोंडात धरून कल्याणच्या पुलापर्यंत नेलं आणि विडीच्या वासानं थुंकून टाकलं. मामा जन्मात कधी विडी प्यायला नव्हता. शेवटी मी पाण्यातून दोन्ही हातांनी काहीतरी ओढून काढायचो आणि म्हणायचो, "बघतो तर काय, डालड्याचा डबा." हशा. पहिली काही वर्षं मामा मधेच म्हणायचा, "बाला, मना मुशी चावली, पत्रा नाय." त्यावर आणखी हशा. मग त्यानं ते बंद केलं. गोष्ट सुरू झाली की तो उठून दाराशी चपला शोधायला लागायचा, आणि त्याला त्या सापडायला बरोबर गोष्ट संपेपर्यंतचा वेळ लागायचा. हेही मी गोष्टीत घातलं. माझी बायको एकदा घरी येताना म्हणाली होती, "त्यांना आवडत नाही रे ते." मी म्हणालो, "अगं, गंमत आहे, मामा समजून घेतो." तो समजून घेत होता, यात शंका नाही. काय समजत होता, ते मी विचारलं नाही.

गेल्या वर्षी मामाच्या पायाच्या अंगठ्याची जखम भरेना. साखर वाढलेली. उल्हासनगरच्या एका खासगी दवाखान्यात ठेवलं. मी सकाळी डबा घेऊन गेलो होतो, ड्रेसिंगची वेळ होती. डॉक्टर तरुण, डहाणूकडचा, बाप बोटीवर खलाशी असलेला, हे नंतर कळलं. त्यानं अंगठा पाहिला, पायजमा वर सरकवला, पोटरी पाहिली, हात तसाच ठेवून विचारलं, "आजोबा, मुशी कुठं चावली?"

कुणी काही सांगितलं नव्हतं. मी हातात डबा घेऊन उभा. मामानं डॉक्टरकडे पाहिलं, मग छताकडे. म्हणाला, "ह्याला इचारा. हा चांगली सांगतो."

डॉक्टर माझ्याकडे वळला. मी तोंड उघडलं, आणि मला कळलं की मला गोष्ट येत नाही. लुंगी येत होती, पूल येत होता, डालडा येत होता. पाणी किती होतं, दिवस की संध्याकाळ, मामा काय करत होता, काहीच माहीत नव्हतं. तीस वर्षं सांगत होतो. मी म्हणालो, "म्हणजे... नदीत. खाडीत." डॉक्टर म्हणाला, "नदीत येतात ना. काही जातींना गोडं पाणी चालतं. पिल्लं तर खाडीतच वाढतात. गढूळ पाण्यात पाय आणि मासा त्यांना सारखेच. आमच्या गावात दोघांना आहेत असे व्रण." शेजारच्या खाटेवर एक सिंधी कापडवाले काका होते, ते उठून बसले. "साईं, नदी में शार्क? फिर क्या हुआ, बताओ तो."

मग मामानं सांगितलं. मी पहिल्यांदा ऐकलं. आभाळ भरलेलं होतं, दुपार होती, पाणी मांडीपर्यंत. तो बोईट मासे धरायला पाग टाकून उभा होता. आधी गुडघ्याला एक धक्का बसला, ओंडका लागावा तसा. त्यानं खाली पाहिलं तर दिसलं काही नाही. मग पोटरी धरली गेली. "ओढला नाय तिनं. धरला, आनि सोडला. वळली तवा पांढरा पोट दिसला. माझ्या छातीपर्यंत येईल एवढी व्हती, जास्त नाय." तो हातावर रांगत काठावर आला. आजीनं लुगडं फाडून बांधलं.

"फिर पिताजी क्या बोले?" कापडवाल्या काकांनी विचारलं.

मामा म्हणाला, "बाप बोलला, मुशी बोलायचा नाय. पत्रा बोलायचा. मुशी बोलला तं बायका खाडीत उतरनार नाय. मंग खानार काय?"

आमच्या आजोळच्या बायका ओहोटीला चिखलात उतरून खुबे आणि कालवं, म्हणजे शिंपल्यातली मासळी, काढायच्या. त्यावर कितीतरी चुली चालत. आजोबांना सगळं माहीत होतं तर. त्यांनी मलमपट्टीवाल्यालाही पत्राच सांगितला, गावालाही, आणि सांगता सांगता पुढं स्वतःच्या मुलाला सगळ्यांदेखत कामचुकार म्हणू लागले, कारण तो रोज काठावर नुसता बसून असायचा.

"का बसायचात?" डॉक्टरनं विचारलं.

"बायका पान्यात असायच्या ना," मामा म्हणाला. "काय दिसला तं हाक मारायला." पायाला फडकं बांधलेलं, हातात काठी, असा तो दिवाळी होईपर्यंत प्रत्येक ओहोटीला बसला. पुन्हा मुशी आली नाही, कुणाला काही झालं नाही. गावाला दिसला तो एक तरणा पोरगा, बायका चिखलात राबताना काठावर बसलेला. पाणी खारं झालं, खाडी निवळली, आणि मामा अंबरनाथला निघून आला. आजोबा वारले तोवर त्यांनी आपला पत्रा मागं घेतला नव्हता. त्यांच्यामागं तो मी सांभाळला, वर डालड्याचं लेबलही लावलं.

त्या दिवशी डबा परत नेताना मी म्हणालो, "मामा, मला माहीत नव्हतं." तो म्हणाला, "तू इचारलंस कवा?" रागानं नाही. खरंच आठवत असल्यासारखं. मग म्हणाला, "भाजीत मीठ कमी हाय, सांग बायकोला." त्यानंतर मी बऱ्याच रविवारी अंबरनाथला जात राहिलो. माफी मागायची म्हणून जायचो आणि क्रिकेट बघून यायचो. मोठ्या समारंभात, सगळ्यांसमोर, मामाला शेजारी बसवून खरी गोष्ट सांगायची असं मी ठरवलं होतं. भाषणाची तयारीही केली होती, कारण मी असाच आहे. समारंभ यायच्या आत मामा गेला.

एक सांगायचं राहिलं. आमच्या आगरी घरांत बाळंतिणीला मुशीचं कालवण देतात. दूध चांगलं येतं म्हणतात. घरात कुणीही बाळंत झालं की मामा उल्हासनगरच्या बाजारातून मुशी आणायचा आणि स्वतः साफ करायचा. वरून उकळतं पाणी ओतून तिची वाळूसारखी खरखरीत कातडी खरवडावी लागते. ते झालं की हात धुऊन वरणभात जेवायचा. मुशी त्यानं पुन्हा तोंडाला लावली नाही. कुणी आग्रह केला तर म्हणायचा, "तिनं मना चाखून टाकला. मी तेवढाही नाय करत."

गेल्या आठवड्यात सुरेखाची मुलगी ऋतुजा बाळंत झाली. मुशी आणायला आता मी. आणली, आणि पाणी न तापवताच सुरीनं खरवडायला बसलो. मामी येऊन बघून गेली. "तो असता तर तिच्या आधी तुलाच पाण्यात टाकला असता," म्हणाली, आणि पातेलं चढवलं. दुपारी ऋतुजाच्या पुढ्यात ताट आलं. बाळ सुरेखाकडे होतं. ऋतुजानं पहिला घास मोडला आणि मला विचारलं, "मामा, आजोबांना खरंच मुशी चावली होती का हो?"

"हो," मी म्हणालो.

"तुम्ही तर डबा सांगायचात."

"ते खोटं होतं. मी बनवलेलं."

मग सांगितलं. दुपार, मांडीपर्यंत पाणी, एक धक्का, पांढरं पोट, काठ. लुंगी नाही, पूल नाही. कुणी हसलं नाही. एवढीशी गोष्ट होती, तिचा भात निवायच्या आत संपली. मी पाण्याचा तांब्या उचलला.

"काठावर बसायचा, ते राहिलं," मामी म्हणाली. ती दाराशी उभी होती.

मी तांब्या खाली ठेवला आणि ते सांगितलं.