डाव्या दाराची साक्ष

ऐंशीच्या दशकात अमेरिकेत, न्यूयॉर्कजवळच्या पार्सिपनीतल्या आमच्या स्वयंपाकघरात बसून मी न्यूयॉर्कच्या एका टीव्ही मालिकेच्या संहिता टाइप करायचे. तीन लेखकांचं काम माझ्याकडे होतं. त्यातला एक इंग्रज, पंचावन्नच्या आसपासचा. लंडनमध्ये त्यानं वीस वर्षं टीव्हीसाठी लिहिलं होतं. तिकडचं काम आटलं तेव्हा तो इथं आला. करार तेरा आठवड्यांचा, दर वेळी नव्यानं ठरायचा.

त्याच्या पानांवर मला एक जास्तीचं काम असे: त्यातलं इंग्लंड काढून टाकायचं. लॉरीचा ट्रक, फ्लॅटचं अपार्टमेंट, पेट्रोलचा गॅस. सगळे शब्द वहीत ओळीनं लिहिलेले होते.

"तुम्ही मला अमेरिकन नागरिक करूनच सोडणार," तो म्हणायचा.

ऑफिसातून प्रसंगाचा फक्त आराखडा यायचा. बाकीचं लेखकानं भरायचं. एकदा आला: अपघाताच्या वेळी गाडी नवरा चालवत होता हे कोर्टात सिद्ध होतं आणि बायको सुटते. त्यानं फार सुंदर प्रवेश लिहिला. म्हातारा साक्षीदार म्हणतो, "गाडी झाडावर आदळली आणि बाई डाव्या दारातून बाहेर पडल्या." टाइप करताना माझ्या अंगावर काटा आला. पानं माझ्याकडे दोन दिवस होती. ऑफिसात मात्र वाचायला कुणाला वेळ नव्हता. ती थेट स्टुडिओत गेली.

तिथं नटी म्हणाली, "मग गाडी मीच चालवत होते की!"

अमेरिकेत स्टिअरिंग डावीकडे. लंडनमध्ये उजवीकडे, आणि मी वाढले त्या पुण्यातही उजवीकडे. चित्रीकरण अर्धा दिवस थांबलं.

"आई, यू सिट नेक्स्ट टू बाबा एव्हरी डे!" मुलगी म्हणाली.

"बसते इथं, पण गाडी पुण्यातली असते," नवरा म्हणाला. दोघं हसले. मला हसू येईना. शुक्रवारी त्या लेखकाचा करार ठरायचा होता.

गुरुवारी निर्मातीबाईंचा फोन आला. "तो म्हणतो, ती ओळ त्यानं शेवटच्या क्षणी फोनवर सांगितली, तुम्हाला तपासायला वेळच दिला नाही. खरं का?"

खरं सांगितलं असतं तर निम्मा दोष माझ्यावर आला असता. कदाचित त्याला आणखी तेरा आठवडे मिळाले असते. माझं मात्र तिन्ही लेखकांचं काम गेलं असतं.

"हो," मी म्हणाले.

त्याचा करार संपला. पुढच्या आठवड्यात तो लंडनला पाठवायचा अर्ज टाइप करून घ्यायला आला. वीस वर्षांच्या मालिका एका पानात बसल्या. खाली, अलीकडच्या कामाबद्दल कुणाकडे चौकशी करावी, ती जागा रिकामी होती.

"माझं नाव घालते," मी म्हणाले.

"नको," तो म्हणाला. आवाजात राग नव्हता. "तुम्ही त्यांना काय सांगाल, याची मला खात्री नाही."

मी पान टाइपरायटरमधून काढून त्याच्या हातात दिलं.