लांब चोचीची महिला आरोपी

ती घटना विसरायचा मी प्रामाणिक प्रयत्न केला. पण आरोपीची चोच पंचनाम्याच्या कागदात मावली नाही आणि पुरवणी जोडावी लागली, अशी केस विसरणार कशी? नावं कुणाचीच सांगत नाही. आरोपीला तर नावच नव्हतं, नंबर होता.

तेव्हा खराडीत ज्वारीच्या रानात काचेच्या इमारती उगवत होत्या. ड्यूटीला जाताना दोन मजले दिसायचे, परत येताना चार. आमच्या ठाण्यातही कॉम्प्युटर आला होता. तो बिघडू नये म्हणून त्याला कोणी हात लावत नसे.

मार्चमधला शुक्रवार होता. दुपारी एका सॉफ्टवेअर कंपनीच्या मॅनेजरचा फोन आला.

"सर, कॅम्पसमध्ये एक सस्पिशियस बर्ड पकडलाय. बॅडमिंटनच्या नेटमध्ये अडकला होता. पायात डिव्हाइस आहे, त्यावर फॉरेन लँग्वेजमध्ये कोड आहे. आणि समोर नदीवर एक लेडी रोज दुर्बीण लावून बसते."

आयुष्यभर पाकीटमार आणि सायकलचोर पकडले होते. हेर पहिल्यांदाच चालून येत होता. मी जीप अशी पळवली की हडपसरपासून खराडीपर्यंतचे खड्डे मोजायला खालीच उतरावं लागलं नाही, वरूनच दिसले.

पक्षी कबुतराहून थोडा मोठा, काटकुळ्या पायांचा, छातीवर विटकरी रंग चढू लागलेला. पायात धातूची रिंग. दोन पंच बोलावले, पंचनामा केला आणि ऐटीत मुद्देमाल रजिस्टरला नोंद करून टाकली. हीच माझी चूक. पोलिसाच्या हातून एकदा नोंद झाली की ती ब्रह्मदेवालाही खोडता येत नाही.

हवालदार लाख वितळवून उभा राहिला. "साहेब, मुद्देमालाला सील करायचंय. कुठं लावू?"

पक्ष्याने त्याच्याकडे पाहिलं. त्या नजरेने हवालदार लाखेसकट मागे सरला.

मी वरिष्ठांना कळवलं. ते म्हणाले, "तज्ज्ञ सोमवारी येतील. तोवर सोडायचं नाही." पक्षी रिकाम्या महिला कोठडीत ठेवला. हवालदाराने चिवडा दिला, भिजवलेली डाळ दिली. पक्ष्याने दोन्हींकडे पाठ फिरवली.

मग त्या बाईंना आणलं. साठी ओलांडलेल्या, टेलिफोन एक्स्चेंजमधून निवृत्त. नऊवारी नव्हे, साधी सुती साडी, पण पायात कॅनव्हासचे बूट आणि डोक्यावर टोपी. आत येताच हवालदाराला "जय भीम" म्हणाल्या आणि मला म्हणाल्या, "खुर्ची आहे, की ती फक्त आरोपींना?"

मी जबाब सुरू केला. "रोज नदीवर काय करता?"

"पक्षी बघते."

"रोज? त्याच नदीवर?"

"अहो, आपण रोज त्याच खुर्चीत बसता. मी काही विचारलं का?"

मी त्यांची वही उघडली. पानोपान तारखा आणि एकेक सुटा आकडा. शेवटच्या पानावर सगळे आकडे जोडलेले. हवालदाराला कोठडीत पाठवून रिंगवरचा नंबर वाचायला लावला. आकडा न आकडा जुळला. माझ्या डोळ्यांपुढे राष्ट्रपती पदक तरळलं.

"हा कोड तुमच्याकडे कसा आला?" मी आवाज चढवला.

"तीन हिवाळे घालवून. ती चिखलात एका पायावर उभी राहते आणि रिंगवाला पाय नेमका पोटाशी घेते. एक आकडा दिसायला महिना लागतो." त्यांनी पिशवीतून एक पत्र काढलं. "रिंगवरच्या पत्त्यावर मी लिहिलं होतं. हे उत्तर. चौदा वर्षांपूर्वी तिकडे सायबेरियात शास्त्रज्ञांनी ही रिंग घातली. तेव्हापासून ती दर हिवाळ्यात येते आणि उन्हाळ्याआधी परत जाते."

हवालदार दारात उभा होता. "चौदा वर्षं म्हणजे माझ्याएवढीच सर्व्हिस, साहेब. मला तर इथून स्वारगेटला बदली मिळेना."

"पाणटिवळा म्हणतात याला," बाई म्हणाल्या. "कमी होत चाललेत. पिल्लं फारशी जगत नाहीत, म्हणून वाट ठाऊक असलेली अशी जुनी मादी मोलाची. तिचा थवा आज-उद्या निघेल. सोमवारपर्यंत कोठडीत ठेवलीत, तर तज्ज्ञांना पिसं दाखवा."

इतक्या वर्षांत माझ्या कोठडीत कोणी दगावलं नव्हतं. कोठडीतला पहिला मृत्यू पक्ष्याचा नोंदला गेला असता, तर पेपरवाल्यांनी तो मला पेन्शनपर्यंत पुरवला असता. पण वरिष्ठांचा हुकूम होता आणि रजिस्टरला नोंद होती.

"मादी कशावरून?" मी उगाच विचारलं.

"चोच. मादीची नरापेक्षा लांब असते." बाईंनी भिंतीवरच्या घड्याळाकडे पाहिलं. "साहेब, महिलेला सूर्यास्तानंतर ठाण्यात ठेवायचं नाही, असा नियम आहे ना? आणि आपल्याकडे महिला पोलीस दिसत नाही."

महिला पोलीस एकच होती आणि ती बंदोबस्तावर होती. सूर्य मावळायला तासभर उरला होता. हवालदार हळूच म्हणाला, "साहेब, पंचनाम्यात चोचीचं माप आहे. पुरवणीसकट."

मी तिथल्या तिथे हमीपत्र लिहून घेतलं: सदर महिला पक्ष्यास पुढील हिवाळ्यात नदीकाठी हजर करण्याची जबाबदारी जामीनदाराची राहील. बाईंनी सही केली. आम्ही जीपने नदीवर गेलो. हवालदाराने टोपली उघडली. आरोपी आधी चिखलात उतरली, चोच मुळापर्यंत खुपसून दहा मिनिटं जेवली आणि मग उडाली. पोलिसी पाहुणचाराबद्दल याहून स्पष्ट अभिप्राय मला कुणी दिलेला नाही.

वरिष्ठांना फोनवर नियम वाचून दाखवला. ते म्हणाले, "नियमाप्रमाणे केलंत ना? मग मला का विचारता?"

नोव्हेंबरात बाईंचा ठाण्यात फोन. "आरोपी हजर आहे. बघून घ्या." गेलो. बाईंनी दुर्बीण दिली. अर्ध्या तासाने तिने पाय खाली टेकला आणि रिंगवरचा एक आकडा दिसला. मी त्यांच्या वहीत हजेरी मांडली. पुढे निवृत्तीपर्यंत एकही वर्ष चुकली नाही. माझ्या हद्दीतले जामिनावरचे गुंड इतके नियमित असते, तर मी निम्मं आयुष्य झोपून काढलं असतं.

निवृत्तीनंतरच्या पहिल्या हिवाळ्यात दाराची बेल वाजली. दारात टोपी, कॅनव्हासचे बूट.

"आरोपी आली नाही. जामीनदार हजर आहे. घाला बेड्या."

बाई हसत नव्हत्या. आम्ही नदीवर गेलो. तिच्या चिखलावर डंपरच्या डंपर राडारोडा पडला होता. पाडलेल्या भिंती, फुटक्या फरशा. "आली असेलही," बाई म्हणाल्या. "पण उतरणार कुठे?"

मी माझ्याच जुन्या ठाण्यात गेलो. टेबलामागच्या पोराने विचारलं, "काका, तक्रार कोणाची?"

"एका बाईची. जागा बळकावलीय तिची. ती बाहेरगावी असते." खोटं एक अक्षर नव्हतं.

वर्षभर मी आणि बाईंनी त्या ठाण्याला आणि सगळ्या कचेऱ्यांना असं पिडलं की आम्हाला पाहून कारकून जेवणाची सुट्टी जाहीर करत. अखेर डंपर थांबले. एका पावसाळ्याने, आणि जुन्या हवालदाराने रविवारी स्वतः आणलेल्या फावड्याने, काठाचा एक कोपरा मोकळा केला. दोन खाटांएवढा.

पोलिसाची नोकरी म्हणजे पळालेल्यांच्या मागे धावणं. परत येणाऱ्यासाठी जागा राखून ठेवावी, हे मला कोणत्याही ट्रेनिंगमध्ये शिकवलं नव्हतं. ते एका आरोपीने शिकवलं, तेही जबाब न देता.

त्या नोव्हेंबरात आम्ही तिघं नऊ दिवस काठावर बसलो. दहाव्या दिवशी त्या कोपऱ्यात एक लांब चोचीचा पक्षी उतरला. एका पायावर. तास झाला, दीड तास झाला, दुसरा पाय पोटाशीच.

"तीच आहे," हवालदार म्हणाला. "आपल्याला अशी ताटकळत ठेवणारी दुसरी कोण असणार?"

बाईंनी वही माझ्या मांडीवर ठेवली. रिंगवरचा आकडा दिसल्याशिवाय हजेरी मांडायची नाही, हा नियम. मी पेन उघडून बसलो.