सलामीची पुंगळी
पितळी तांब्या चिंचेनं घासला की हाताला राहतो त्या वासानं मला पुसेगावाकडचा एक तांडा आठवतो. नव्वदच्या दशकात सीमेवर मारला गेलेला तिथला जवान घरी आणला होता आणि आम्ही पोलीस हिंगोलीहून सलामीला गेलो होतो. आमच्या रायफली आजोबांच्या काळच्या, दर गोळीला बोल्ट ओढावा लागायचा. त्याला मारणारी बंदूक एका दमात तीस गोळ्या ओकत होती, असं शवपेटीबरोबर आलेला त्याचा सोबती सांगत होता. हवेत तीन फैरी झाडून आम्ही ज्वारीच्या धसकटांत पडलेल्या काडतुसांच्या पितळी पुंगळ्या वेचल्या, कारण त्या मोजून परत द्याव्या लागतात. एक कमी भरली. ती जवानाच्या आईच्या मुठीत होती. “द्या मावशी,” मी म्हणालो, “रिकामी हाय ती. सलामीच्या काडतुसात गोळी नसतेच, नुसता आवाज होतो.” तिनं मूठ उघडली. “बिनगोळीची बी उडवता येती व्हय? मंग माझ्या लेकरावर तशी काहून न्हाई उडवली, बाबा?” मी तिच्या तळहातावरची पुंगळी उचलली. एव्हाना ती गार व्हायला हवी होती, पण तिच्या मुठीनं गरम होती. आता निवृत्त होऊन बसलोय, आणि वाटतं, एक हरवली असं साहेबांना सांगितलं असतं तर काय बिघडलं असतं?