दोन माठांचं गाव

मूर्तिजापूरकडच्या खारपाणपट्ट्यातलं हे गाव. तिथं घरोघरी दोन माठ असत. खारा माठ घरच्यांसाठी आणि गोडा पाहुण्यांसाठी, लांबून बैलगाडीनं आणलेल्या पाण्याचा. खाऱ्या पाण्यात डाळ शिजता शिजत नसे, चहा फाटायचा. कोणाला कोणत्या माठातलं पाणी मिळतं, यावर त्याची पत कळायची. सुरैय्याला सगळीकडे खाऱ्यातलंच मिळायचं.

सुरैय्या म्हणजे रऊफ पिंजाऱ्याची बायको. नवरा कापूस पिंजायचा, ही लोकांच्या घरी बसून गाद्या भरायची, टाके घालायची. त्यामुळे गावातलं एकही स्वयंपाकघर तिला परकं नव्हतं. नव्वदीनंतरचा काळ, कापूस दरसाल दगा देत होता. नवी गादी कोण भरतो? जुन्याच उसवून पुन्हा पिंजायच्या.

अशात सरपंचपद ओबीसी बाईसाठी राखीव झालं. जुने सरपंच उत्तमराव भारी हुशार. एखाद्या बड्या घरची सून उभी केली, तर तिचा सासरा खुर्ची परत थोडीच देणार? पिंजारी जात यादीत होती, घर गरीब, मागे भाऊबंदांचं बळ नाही. ते थेट रऊफच्या दारी आले.

"सुरैय्याबी, तुमी फक्त सही करा. बाकी मी हावोच ना!"

सुरैय्या सरपंच झाली आणि सांगतील तिथं सह्या करू लागली. मग गोड्या पाण्याची पाइपलाइन आली. नळ कुठं बसवायचे, त्याचा ठराव ग्रामसेवकानं तिच्यापुढं सरकवला.

"वाचून दाखवा," ती म्हणाली.

सगळे नळ उत्तमरावांच्या आळीत होते. तिनं पेन खाली ठेवलं. "पिंजारपुऱ्यात नाई, बौद्धपुऱ्यात नाई. मी सही नाई करत, भाऊ."

"मंग अविश्वास आणतो तुमच्यावर," शेजारी बसलेले उत्तमराव गरजले. "ग्रामसभा होऊ द्या. कोण तुमच्या बाजूनं उभं राह्यते ते पायतो."

घरी रऊफ धास्तावला. "सरपंचकी जाईन ते जाईन, त्या आळीतलं कामही जाईन. खाऊ काय?"

भीती तिलाही वाटत होतीच. पण दुसऱ्या दिवशी तिनं सुई-दोरा घेतला आणि नेहमीसारखी कामाला निघाली. गादीला टाके घालता घालता प्रत्येक घरी एकच सांगायची, "ग्रामसभेले या बाई. पाण्याचं हाय."

आजवर ग्रामसभेला बाई फिरकत नसे. त्या दिवशी शाळेचं पटांगण बायांनी भरलं. उत्तमरावांचा चेहरा पाहण्यासारखा झाला होता.

"नळ कुठं पायजे, हे बायाईले काय समजते?" ते म्हणाले.

मागून एक बाई डोक्यावरचा पदर सावरत उठली. ती गोदाबाई होती, उत्तमरावांचीच बायको.

"काहून नाई समजत? घरात दाळ तुमी शिजवता काय?"

पटांगण हसून लोटपोट झालं. नळ वस्तीवस्तीत बसवायचे असं ठरलं, पुढं ते बसलेही आणि अविश्वासाचं नाव पुन्हा कोणी काढलं नाही.

पुढच्या वेळी सरपंचपद खुलं झालं. सुरैय्याचा वॉर्डही खुला. लोक म्हणाले, संपली बाईची सरपंचकी, आता पिंजाऱ्याच्या घरी कोण जातो! ती तरीही उभी राहिली. वॉर्डातून निवडून आली, आणि सदस्यांनी उत्तमरावांना सोडून तिलाच सरपंच केलं. राखीव जागेला फुकटची खुर्ची म्हणणाऱ्यांनो, हे जरा कान देऊन ऐका. मला तर आजही हे सांगताना छाती फुगल्यासारखी वाटते.

सरपंच झाली तरी तिनं सुई सोडली नव्हती. दिवाळीआधी गोदाबाईंनी गादीसाठी बोलावलं. ओसरीवर उत्तमराव बसले होते. सुरैय्याला पाहून त्यांनी घसा खाकरून आत हाक मारली.

"सरपंचबाईले पाणी आणा. गोड्या माठातलं आणा."

गोदाबाई पेला घेऊन बाहेर आल्या आणि सुरैय्याच्या हातात देत नवऱ्याला म्हणाल्या, "आता दुसरा माठ हाय कुठं घरात?"