कागदाएवढी फट

आमच्या वर्कशॉपात सोल्डरचे थेंब आणि किस्से, दोन्ही फरशीवर साचत जायचे. झाडूने निघायचे नाहीत. भाषावार प्रांतरचना आली आणि हैदराबाद राज्याचे तीन तुकडे ठरले, तेव्हा तर ढीगच झाला! आमचं छोटं सरकारी वर्कशॉपही तीन राज्यांत वाटायचं निघालं. मी इंग्लंडातली नोकरी सोडून इथे हैदराबादेत आलो होतो, खेड्यातल्या शाळांसाठी स्वच्छ आवाजाचे अॅम्प्लिफायर बनवायला. वाटून घ्यायला नव्हे!

*

नोकरीच्या पहिल्याच महिन्यात माझी फजिती झाली होती. आमचा अॅम्प्लिफायर क्लास-ए, एका व्हॉल्व्हचा, म्हणजे रेडिओत असते तसल्या एकाच काचेच्या नळीचा. त्याच्या ट्रान्सफॉर्मरमधून करंट एकाच दिशेने सतत वाहतो, म्हणून लोखंडी गाभ्यात बारीकशी फट ठेवावी लागते. मी गाभ्याच्या पट्ट्या घट्ट बसवल्या, फट विसरलो. आवाज असा आला, जणू कोणी तोंडात पान भरून भाषण करतंय!

ट्रान्सफॉर्मरची तार गुंडाळणारे कासिमचाचा म्हणाले, "मियाँ, इसकू सांस लेने की जगा तो देओ!"

मी स्लाइडरूल काढली. तीन पानं गणित करून फटीचं माप सांगितलं. चाचांनी तोवर टेबलावरचे कागद चिमटीत चोळून पाहिले होते. "पोस्टकार्ड मोटा. अखबार पतला. सरकारी हुकूम का कागज एकदम बराबर!"

मोजलं. माझं उत्तर आणि सरकारी कागद, दोन्ही सारखेच निघाले. चाचांनी त्याचाच तुकडा कापून फटीत बसवला. तीन पानं फुकट!

*

वाटणी कमिटीचे रावसाहेब पहिल्यांदा आले, तेव्हा एक अॅम्प्लिफायर चालू होता. त्यांनी वर हात धरला आणि झटकन मागे घेतला.

"कोणी बोलत नाहीये, तरी एवढा गरम?"

मी उत्साहाने समजावलं, "क्लास-ए आहे साहेब. आवाज असो-नसो, हा पूर्ण करंट घेऊन तयार असतो."

आमचे प्रमुख दत्तोपंत, चिक्कडपल्लीचे, तीन पिढ्या सरकारी नोकरीतल्या. आयुष्यात कधी वरच्याला उलट बोलले नव्हते. ते फाइलीतून मान वर न करता म्हणाले, "तुमची कमिटी बसल्यापासून आम्हीपण तसेच आहोत, साहेब."

*

त्याच उबेवर दत्तोपंतांच्या घरचं इडलीचं पीठ फुगायचं. थंडीत वहिनी सकाळीच पितळी भांडं पाठवायच्या, ते अॅम्प्लिफायरवर ठेवायचं. कमिटीच्या कारकुनाने यादीत इमानदारीने लिहिलं: "अॅम्प्लिफायर नग एक, वरचं पितळी झाकण नग एक." आणि दोन्ही मुंबई राज्याच्या नावावर टाकलं!

वहिनींना कळलं तशा त्या पदर खोचून वर्कशॉपात हजर. "पीठ न्या मुंबईला. आंबलंय, वाटेत इडल्या करून खा. भांडं मात्र माझ्या माहेरचं आहे. त्याची वाटणी होणार नाही!"

कारकुनाने भांडं खोडलं. आमच्या यादीतून सुटलेली ती पहिली वस्तू.

*

मग खरी यादी आली. अॅम्प्लिफायर एका राज्याला, स्पीकर दुसऱ्याला आणि ट्रान्सफॉर्मर 'लोखंडी सामान' म्हणून तिसऱ्याला!

माझं डोकंच फिरलं. "साहेब, व्हॉल्व्हला पाच हजार ओहमचा भार लागतो, स्पीकर पंधराचा! दोघांना जोडतो तो ट्रान्सफॉर्मर. तोच काढून नेलात तर तिन्ही राज्यांना फक्त भंगार मिळेल!"

"पण प्रत्येकाला काहीतरी मिळायला हवं ना?" रावसाहेब शांतपणे म्हणाले.

चाचांनी हातातली तार खाली ठेवली. "साब, तबला इस रियासत में और बायाँ उस रियासत में, बजाएगा कौन? कमिटी?"

*

शेवटी हुकूम आला. वर्कशॉप बंद, यादीप्रमाणे सामान रवाना. मूळ प्रत एकच, सहीशिक्क्याची. ती दाखवल्याशिवाय एक खिळाही हलवायचा नाही, असं तिच्यातच लिहिलेलं.

कुकटपल्लीच्या शाळेला कबूल केलेला अॅम्प्लिफायर तेवढा अर्धवट होता. ट्रान्सफॉर्मर गुंडाळून तयार, गाभा बसायचा बाकी. दत्तोपंतांनी हुकूम दोनदा वाचला, चष्मा पुसला आणि कागद चाचांच्या पुढे सरकवला.

"चाचा, बघा बरं, कसाय?"

चाचांनी तो चिमटीत चोळला. "उमदा. ना मोटा, ना पतला."

मी गुपचूप कात्री दिली.

दुसऱ्या दिवशी सकाळी रावसाहेब ट्रक आणि चार हमाल घेऊन आले. कुकटपल्लीचा अॅम्प्लिफायर टेबलावर चालू होता, सनईची रेकॉर्ड लावली होती. दारातच त्यांचे पाय थांबले. रेकॉर्ड संपेपर्यंत ते उभेच होते. हमालसुद्धा.

"वा! काय आवाज आहे!" ते म्हणाले. मग भानावर आले. "बरं, तो मूळ हुकूम काढा. कुठे आहे?"

दत्तोपंतांनी माझ्याकडे पाहिलं. मी चाचांकडे.

चाचांनी ट्रान्सफॉर्मरवर हलकेच टिचकी मारली.

"अबी आप सुने ना साब? वोइच!"