दवाखान्यान

"काय नेलंय दवाखान्यानं? बाई, नीट सांगा."

आमचे प्रोजेक्ट लीडर श्रीनिवास सर फोनवर असं म्हणाले आणि रिसीव्हर कानापासून लांब धरला. सगळ्यांना ऐकू जावं म्हणून. सगळे हसले.

मी आत कॉम्प्युटरच्या खोलीत होतो. तेव्हा त्या एसी खोलीत चपला बाहेर काढून जायचं, देवळात जावं तसं. आधी मला नुसतं हसणं ऐकू आलं. मग परत सर. "अहो, दवाखाना कसा नेईल?" परत हसणं. मग हाक.

"अरे ए, तुमच्याकडचं कुणीतरी दिसतंय. घे बाबा, तुलाच कळेल."

मी तसाच अनवाणी धावलो. रिसीव्हर कानाला लावला. पीसीओतलं नाणं संपलेलं. नुसतं टूं टूं.

सर हसत होते. "दवाखान्यानं नेलाय म्हणे. काय नेलंय ते काही बाईंना सांगता येईना."

मला कळलं. आमच्या कोलशेतच्या कोळीवाड्यात घरात म्हणायचं तर घरान म्हणतात. गावात म्हणजे गावान. शाळेत म्हणजे शालेन. आई सांगत होती, तुझ्या बापाला दवाखान्यान नेलाय. दवाखान्यात नेलंय. सरांनी ऐकलं, दवाखान्यानं नेलंय.

शेवटी सरांचंच खरं झालं. मी वागळे इस्टेटमधल्या ऑफिसातून रिक्षा करून दवाखान्यात पोचलो तेव्हा बापावर चादर ओढलेली. आई भिंतीला टेकून बसलेली. रडत नव्हती. मला बघून म्हणाली, "तो बाबा मना परत परत इचारीत व्हता, काय नेलाय, काय नेलाय. मी सांगत व्हते रं. माजाच बोलना चुकला."

लवकर फोन मिळाला असता तर बाप वाचला असता असं मी म्हणत नाही. पण त्यानं मला बघितलं असतं. आयुष्यभर खाडीत होडी हाकली त्या माणसानं. पोरगा कॉलेजात जातो म्हणून गावभर मान वर करून फिरला. जाताना त्याच्याजवळ मी नव्हतो. मी ऑफिसात अनवाणी उभा होतो आणि लोक हसत होते.

कामावर परतलो तेव्हा सरांनी खांद्यावर हात ठेवला. "वाईट झालं रे. काळजी घे आईची." मनापासून म्हणाले. फोन आणि मरण यांची सांगड त्यांनी कधी घातलीच नाही. घालायची गरजच पडली नाही त्यांना. थोडे दिवस गेले आणि विनोद परत आला. "चल रे, कॅन्टीनान येतोस?" "काय रे, मशीनान काय अडकलं?" मी हसायचो नाही. म्हणून मग मी तुसडा.

मशीनचं बरं होतं. त्याला आमचा न आणि त्यांचा ण काही कळत नव्हतं. कोबोलमध्ये लिहिलेल्या प्रोग्रॅममध्ये एक पूर्णविराम राहिला की पानभर चुका काढायचं, पण ते माझ्याही काढायचं आणि सरांच्याही. तिथं मी वर चढलो. ट्रेनी, प्रोग्रॅमर, सीनियर प्रोग्रॅमर, अ‍ॅनालिस्ट. मला प्रोजेक्ट लीडर व्हायचं होतं. आमच्या घरात माझ्याआधी कुणी कॉलेजचं दार बघितलं नव्हतं. मला शेवटपर्यंत चढायचं होतं.

पण या धंद्यात एक गोम आहे. वर जाल तसं कोड लिहिणं कमी आणि बोलणं जास्त. क्लायंटशी बोला, वरच्यांशी बोला, टीमशी बोला. मग मी बोलणं घासायला घेतलं. डोंबिवलीला घर घेतलं. बिल्डिंगमधली माणसं कशी बोलतात ते जिन्यात, दुधाच्या रांगेत कान देऊन ऐकायचो. पाणी. दाणे. डोळा. आरशासमोर म्हणायचो. जीभ कोडगी असते, पण वळते.

मला वाटायचं मी एकटाच हे करतोय.

एकदा आई डोंबिवलीला राहायला आलेली. स्वयंपाकघरात ओट्याशी उभी राहून एकटीच पुटपुटत होती. मला वाटलं जप करतेय. जवळ गेलो तर, "घरात. गावात. दवाखान्यात." परत पहिल्यापासून. मला बघून तिनं नळ सोडला.

"काय करतेस गं, आये?"

"काही नाही. फोन करायला लागला तर."

बाप जाऊन तेव्हा कितीतरी वर्षं झालेली. म्हातारी अजून तोच फोन करत होती.

नव्वदीच्या शेवटाला सगळीकडे दोन हजार सालाची धांदल होती. जुन्या प्रोग्रॅमांमध्ये सालाचे दोनच आकडे, ते चार करायचे. परदेशी क्लायंटचं मोठं काम आलं. त्याचा लीडर नेमायचा होता. श्रीनिवास सर आता विभागप्रमुख. मला केबिनमध्ये बोलावून म्हणाले, "काम तुझंच एक नंबर आहे. फक्त जरा मोकळा हो. लोकांत मिसळ. लीडर म्हणजे चार लोकांना हसवता आलं पाहिजे रे."

त्याच दिवशी संध्याकाळी कॉन्फरन्स रूममध्ये नव्या मुलामुलींच्या स्वागताचा चहा होता. समोसे, वेफर्स. सर रंगात आलेले. माझ्याकडे वळून म्हणाले, "अरे, यांना ती तुझी दवाखान्यानची गोष्ट सांग ना! तूच सांग, तुझ्या त्या टोनमध्ये मजा येते."

सगळे माझ्याकडे बघायला लागले. हसायच्या तयारीत. सरांनी मला डोळ्यांनी खूण केली. हो, मोकळा हो. पद तिथंच होतं, समोशांच्या ताटाशेजारी. उचलायचं फक्त.

मी ग्लास खाली ठेवला.

"सांगतो," म्हटलं. "माझ्या आयनी फोन केलेला. माझे बापसाला दवाखान्यान नेलाय, आसा ती सांगत व्हती. सर तिला हसत व्हते. फोन माझे हातान आयला तवा कटला व्हता. मी दवाखान्यान जेलो तवा बापूस मेला व्हता. संपली गोष्ट."

कुणी हसलं नाही. एका मुलीनं समोसा तसाच खाली ठेवला. सरांचा चेहरा पांढरा पडला.

"अरे... मला काय माहीत?"

"ती सांगतच होती, सर."

"तू कधी बोलला नाहीस."

"आता बोललो."

लीडर दुसरा झाला. मला सांगण्यात आलं, टीम सांभाळायला लागतो तो समतोल अजून यायचाय. मी राजीनामा दिला. आता दुसरीकडे आहे, तेच पद आहे, टीम आहे. मुलाखतीला गेलो तेव्हा ण ला न म्हणालो. त्यांनी घेतलं. नसतं घेतलं तरी म्हणालो असतो.

मी जिंकलो असं कुणी समजू नये. परवा आईला फोन केला. आता कोलशेतला घरात फोन आहे.

"आये, कय हाय तू? घरान?"

पलीकडे ती शब्द जुळवत होती. मग एकेक अक्षर नीट ठेवत म्हणाली, "हो. घरात आहे मी."

"घरान बोल ना गं."

"घरात," ती म्हणाली. "बरोबर बोलते ना मी आता?"

तिची बोली गेली. माझ्याशी बोलताना तरी गेली. ती मला परत आणता येणार नाही, आणि ज्यांनी हसून हसून ती काढून घेतली त्यांना याचा पत्ताही नाही.

हे एवढं सगळं मी त्यांच्या भाषेत लिहिलं, त्यांनी वाचावं म्हणून. एक शब्द मात्र देणार नाही. मीटिंगमध्ये नाही, क्लायंटसमोर नाही, कागदावर नाही. हसायचंय त्यांनी हसावं.

माझा बाप दवाखान्यान मेला.