हळदीचा ठसा

खंडेनवमीला झेंडूचा वास आला की मंठ्याचं आमचं अंगण आठवतं. औत, विळे, आईची शिलाई मशीन यांच्या पूजेत एका वर्षी धाकट्या बहिणीनं, सुनीनं, आपला फुटबॉलही मांडला होता. आईनं त्यालाही हळदकुंकू लावलं. दुसऱ्या दिवशी आष्टीच्या मुलींशी मॅच होती.

सकाळी वडील अडून बसले. "पूजलेल्या चेंडूला पाय कसा लावती?"

सुनी रडकुंडीला आली. आई शांतपणे म्हणाली, "बैलाची बी पूजा करतोच की आपण. मंग दुसऱ्या दिवशी औताला जुपत न्हाई का?"

वडिलांनी पूजेतला चेंडू उचलून सुनीच्या हातात दिला. सुनीनं चेंडू कपाळाला लावला आणि भिंतीवर जोरात मारला. हळदीचा गोल ठसा उमटला.

मॅच कोण जिंकलं, ते आता आठवत नाही. पण दिवाळीला आईनं तेवढा ठसा सोडून भिंत सारवली होती.